सेवाविषयक प्रश्नोत्तरे : दोन संवर्ग एक झाले, ज्येष्ठ कोणाला म्हणायचे?

ठाणे, कळवा, ऐरोली, बेलापूर, शहापूर या भागांतील वाचकांकडून आलेल्या पत्रांत या वेळी एकाच विषयाची गर्दी आहे. वेगवेगळे संवर्ग, म्हणजे एकाच प्रकारच्या पदांचे गट, एकत्र केल्यानंतर कर्मचाऱ्यांची ज्येष्ठता कशी ठरवायची, हा तो विषय. त्यामुळे इतर प्रश्न पुढील अंकासाठी राखून ठेवले आहेत. पत्रलेखकांची नावे व कार्यालये वगळली आहेत आणि काही पत्रे संक्षिप्त केली आहेत.

प्रश्न : आमच्या विभागाच्या दोन संचालनालयांतील वरिष्ठ लिपिकांचे संवर्ग शासन निर्णयाने एकत्र करण्यात आले. तात्पुरत्या एकत्रित ज्येष्ठतासूचीत दुसऱ्या संचालनालयाचे सर्व कर्मचारी एकगठ्ठा वर आणि आम्ही सर्व त्यांच्या खाली आहोत. मी या पदावर २००९ पासून नियमित काम करीत आहे. माझ्या वर दाखवलेल्यांपैकी काही जण २०१४ मध्ये या पदावर आले. आस्थापना शाखेत विचारले असता, ‘तुमचा संवर्ग त्यांच्यात विलीन झाला, म्हणजे ते मूळचे आणि तुम्ही नंतर आलेले’ असे उत्तर मिळाले. हे नियमाला धरून आहे का? (एक वाचक, कळवा)

उत्तर : आपण दिलेली माहिती पूर्ण असेल, तर आपल्याला मिळालेले उत्तर टिकणारे नाही. विलीनीकरण म्हणजे नवी नेमणूक नव्हे. शासनाने आपल्या सोयीसाठी दोन संवर्गांची एक आस्थापना केली, म्हणून आपण त्या दिवशी नोकरीला लागलात असे मानता येत नाही. कोणत्या संवर्गाचे नाव पुढे चालू राहिले आणि कोणत्या संवर्गाचे नाव पुसले गेले, ही प्रशासकीय मांडणीची बाब आहे. ज्येष्ठतेचा आधार म्हणून तिचा उपयोग होत नाही.

राज्यात या विषयावर पूर्वी महाराष्ट्र नागरी सेवा (ज्येष्ठतेचे विनियमन) नियम, १९८२ लागू होते आणि आता त्यांच्या जागी २०२१ ची नियमावली आहे. पद, संवर्ग किंवा सेवा यांतील ज्येष्ठता सर्वसाधारणपणे त्या पदावरील अखंड नियमित सेवेच्या कालावधीवर ठरते, हे या नियमांचे मूळ सूत्र. त्याच राज्यातले आणि आपल्या प्रश्नाला जवळचे असलेले एक जुने प्रकरण आपल्या हरकतीत जरूर नमूद करावे, ते म्हणजे आर. एस. मकाशी विरुद्ध आय. एम. मेनन. मुंबईच्या शिधावाटप नियंत्रकांच्या कार्यालयात निरनिराळ्या विभागांतून कर्मचारी आणले गेले होते आणि काही थेट भरले गेले होते. त्यांची एकमेकांतील ज्येष्ठता ठरवण्याची तत्त्वे शासनाने १९६८ च्या निर्णयाने घातली आणि वाद सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. १९८१ च्या निकालात न्यायालयाने असे तत्त्व मान्य केले की, वेगवेगळ्या ठिकाणांहून माणसे आणून नवी सेवा उभी केली जाते तेव्हा मूळ विभागातील त्यांच्या आधीच्या सेवेचा कालावधी राखला जावा आणि नव्या संवर्गातील क्रम लावताना तो विचारात घेतला जावा. आपल्या प्रकरणाला हे तत्त्व सरळ लागू पडते.

मात्र अखंड सेवा मोजण्यापूर्वी दोन्ही पदे खरोखर समकक्ष आहेत का, हे तपासले गेले पाहिजे. पदाचे नाव एक असले म्हणून ते समकक्ष ठरत नाही, आणि नाव वेगळे असले म्हणून वेगळेही ठरत नाही. समकक्षतेबद्दल पुढच्या प्रश्नात सविस्तर लिहिले आहे. पदे समकक्ष ठरली, तर प्रत्येकाचा त्या पदावरील नियमित नियुक्तीचा दिनांक घेऊन एकच यादी तयार व्हावी आणि ती करताना मूळ संवर्गातील कर्मचाऱ्यांचा आपसातील क्रम मोडू नये, ही न्याय्य पद्धत आहे.

बहुतेक आस्थापना शाखा अडखळतात त्या ‘आपसातील क्रम मोडू नये’ या अटीपाशीच, म्हणून एक उदाहरण घेऊ. पहिल्या संचालनालयात ‘क’ आणि ‘ख’ हे एकाच निवडसूचीतून आले. गुणवत्तेत ‘क’ वर होता, पण त्याला रुजू होण्यासाठी रीतसर मुदतवाढ मिळाली होती. म्हणून ‘ख’ २० जानेवारी २०११ रोजी आणि ‘क’ १० मार्च २०११ रोजी रुजू झाला. मूळ ज्येष्ठतासूचीत गुणवत्तेनुसार ‘क’ वर आणि ‘ख’ खाली आहे. दुसऱ्या संचालनालयातील ‘ग’ १५ फेब्रुवारी २०११ रोजी रुजू झाला. नुसते दिनांक लावले तर क्रम ‘ख’, ‘ग’, ‘क’ असा येतो. म्हणजे जो ‘क’ काल ‘ख’च्या वर होता, तो आज त्याच्याच नव्हे तर ‘ग’च्याही खाली गेला, आणि त्याचा दोष मात्र काहीच नाही. उलट ‘ख’ला ‘क’च्या मागे ओढले तर ‘ग’ दोघांच्या वर जातो आणि ‘ख’वर अन्याय होतो.

अशा वेळी प्रथम विचारायचे ते हे की, ‘क’ मूळ सूचीत ‘ख’च्या वर का होता. निवडसूचीतील गुणवत्तेमुळे वर असेल, तर त्याला ज्येष्ठतेपुरता ‘ख’चा दिनांक मानीव दिनांक म्हणून द्यावा आणि क्रम ‘क’, ‘ख’, ‘ग’ असा लावावा. पण ‘ख’ने विभागीय परीक्षा विहित मुदतीत व संधीत उत्तीर्ण न केल्यामुळे, किंवा शिक्षा म्हणून, त्याची ज्येष्ठता खाली आली असेल, तर ‘ख’चा दिनांकच मागे गेला पाहिजे, कारण त्याने गमावलेली ज्येष्ठता विलीनीकरणाच्या निमित्ताने परत मिळू शकत नाही. यात ‘ग’ची तक्रार असू शकते, आणि ती समजण्यासारखी आहे. पण ‘ग’चा दिनांक कोणी बदललेला नाही, हेही त्याने पाहावे. दोन रांगा एक करताना एखाद्या रांगेतली माणसे एकमेकांत अदलाबदल करू लागली, तर नवी रांग पहिल्याच दिवशी भांडणात निघते.

काही ठिकाणी पहिल्या संवर्गातील एक, दुसऱ्या संवर्गातील एक, अशी पाळीपाळीने यादी गुंफली जाते. ती कागदावर समान वाटते, तरी दोन्ही संवर्गांचे वय सारखे नसेल तर वीस वर्षे सेवा झालेला कर्मचारी बारा वर्षे सेवा झालेल्याच्या खाली जातो. तसे करण्यासाठी सेवाप्रवेश नियमांत किंवा विलीनीकरणाच्या आदेशात स्पष्ट तरतूद आणि तिच्यामागे कारण असले पाहिजे. एकगठ्ठा वर ठेवणेही एका परिस्थितीत योग्य असते, ती म्हणजे एक संवर्ग दुसऱ्या संवर्गाच्या वरच्या दर्जाचा असणे. आपल्या पत्रावरून तसे दिसत नाही. तेव्हा आपल्या हरकतीत ‘विलीनीकरणापूर्वी दोन्ही पदांची वेतनश्रेणी, सेवाप्रवेश अर्हता व कर्तव्ये समान होती, एकगठ्ठा वर ठेवण्याचा आधार कोणत्या नियमात आहे ते कळवावे’ एवढेच नेमके मागावे.

प्रश्न : आमच्या तांत्रिक संवर्गाची वेतनश्रेणी दुसऱ्या संवर्गापेक्षा थोडी कमी होती. आता दोन्ही एकत्र करताना ‘वेतन कमी म्हणजे दर्जा कमी’ असे धरून आम्हा सर्वांना खाली ठेवले आहे. आम्ही अधिक जबाबदारीचे काम करीत होतो. वेतन हाच एकमेव निकष आहे का? (एक वाचक, ऐरोली)

उत्तर : नाही. वेतन हा एक निकष आहे, पण चारांपैकी एक आणि तोही शेवटचा. या निकषांचा उगम समजून घेतला तर आपली बाजू मांडणे सोपे जाईल. १ नोव्हेंबर १९५६ रोजी राज्यपुनर्रचना झाली तेव्हा मराठवाडा हैदराबाद राज्यातून आणि विदर्भ मध्य प्रदेशातून मुंबई राज्यात आला आणि तिथले महसूल, शिक्षण, बांधकाम अशा सर्व खात्यांचे कर्मचारी एका छत्राखाली आले. राज्यपुनर्रचना कायदा, १९५६ च्या कलम ११५ खाली या सेवांचे एकत्रीकरण करायचे होते आणि प्रत्येक राज्यातील पदांची नावे, पगार आणि अधिकार वेगळे होते. त्या वेळी समकक्षता ठरवण्यासाठी जी चार तत्त्वे वापरली गेली, ती सर्वोच्च न्यायालयाने पी. के. रॉय यांच्या प्रकरणात मान्य केली. पदाचे स्वरूप व कर्तव्ये. त्या पदावरील अधिकाऱ्याची जबाबदारी, अधिकार व कार्यक्षेत्राचा विस्तार. पदासाठी विहित किमान अर्हता. आणि पदाचे वेतन. पहिल्या तीन निकषांवर पदे समान ठरली, तर केवळ वेतनातील फरकामुळे समकक्षता नाकारता येत नाही, हा त्यातला महत्त्वाचा भाग आहे.

आपल्या बाजूने पुरावा कोणता, हा खरा प्रश्न. ‘आम्ही जास्त काम करीत होतो’ असे लिहून कोणाचेही समाधान होणार नाही. आपल्या पदाची कर्तव्यसूची, सेवाप्रवेश नियमांतील किमान शैक्षणिक अर्हता, आपल्या अखत्यारीतील उपविभागांची किंवा तालुक्यांची संख्या, आपल्या सहीने मंजूर होणाऱ्या मोजमापांची व देयकांची मर्यादा, आपल्या हाताखालील पदे, हे सर्व दोन स्तंभांत दुसऱ्या संवर्गाच्या समोर मांडावे. दुसऱ्या संवर्गाच्या नोंदी आपल्याकडे नसतील तर माहितीच्या अधिकारात मागवाव्यात. त्यातून आपले पद कमी पडते असे निघाले, तर आग्रह सोडून द्यावा आणि आपल्या आपसातील क्रम तरी बिघडत नाही ना, एवढे पाहावे.

वेतनश्रेणी एक झाली म्हणजे दर्जा आपोआप एक झाला, असेही नाही. सहाव्या केंद्रीय वेतन आयोगाने ५०००-८०००, ५५००-९००० आणि ६५००-१०५०० या तीन श्रेणी एकत्र करण्याची शिफारस केल्यावर अनेक केंद्रीय कार्यालयांत हा प्रश्न उभा राहिला. कालपर्यंत ज्याच्या हाताखाली काम केले तो आणि मी आज एकाच ग्रेड पेमध्ये, मग ज्येष्ठ कोण? तिथे ज्या कर्मचाऱ्याने आधी वरच्या श्रेणीचे पद नियमितपणे धारण केले होते त्याला वर ठेवणे, हीच सुसंगत भूमिका होती.

प्रश्न : मी २००३ पासून ग्रामसेवक आहे. माझ्यानंतर लागलेले काही सहकारी ग्रामविकास अधिकारी झाले. आता दोन्ही पदे एक झाल्यामुळे मूळ नियुक्तीच्या दिनांकानुसार मी त्यांच्या वर जाईन का? (एक वाचक, शहापूर तालुका)

उत्तर : आपला मुद्दा मनापासून मांडलेला आहे, तरी उत्तर आपल्याला रुचणार नाही. ग्रामसेवक आणि ग्रामविकास अधिकारी ही पदे एकत्र करून ग्रामपंचायत अधिकारी हे पद करण्याचा निर्णय राज्य मंत्रिमंडळाने सप्टेंबर २०२४ मध्ये घेतला. ग्रामविकास अधिकारी हे ग्रामसेवकाच्या पदोन्नतीचे पद होते. वरचा आणि खालचा संवर्ग एकत्र होतो तेव्हा, आदेशात वेगळी तरतूद नसेल तर, वरच्या संवर्गात नियमित पदोन्नतीने गेलेले कर्मचारी वर आणि त्यांच्याखाली मूळ संवर्गातील कर्मचारी, असा क्रम लागतो. त्यांनी पदोन्नतीने मिळवलेले स्थान विलीनीकरणामुळे हिरावून घेता येत नाही, आणि आपल्याला त्या वेळी पदोन्नती मिळाली नाही ही वस्तुस्थितीही पुसली जात नाही.

यात आपण स्वतः तपासाव्यात अशा दोन गोष्टी आहेत. आपल्या वर असलेल्या सहकाऱ्याला पदोन्नती नियमित मिळाली होती की केवळ आश्वासित प्रगती योजनेखाली वरच्या श्रेणीचा आर्थिक लाभ मिळाला होता? हा लाभ म्हणजे पदोन्नती नव्हे, आणि केवळ त्याच्या आधारे कोणी वर गेला असेल तर आपली हरकत ग्राह्य ठरेल. आणि आपल्याला पदोन्नती मिळाली नाही ती कोणत्या कारणाने? आपण ज्येष्ठ असूनही निवडसूचीत डावलले गेले असाल आणि ती बाब आजही प्रलंबित असेल, तर मानीव दिनांकाची मागणी तिथे चालवावी. पण आपण स्वतःच दूरच्या तालुक्यात जायचे नाही म्हणून पदोन्नतीस लेखी नकार दिला असेल, तर तो नकार आपल्या विरुद्ध वापरला जाईल.

प्रश्न : आमचा लहान संवर्ग मोठ्या संवर्गात विलीन झाल्यामुळे माझ्या पदोन्नतीची पाळी किमान सात-आठ वर्षे पुढे गेली. सेवाशर्ती माझ्या नुकसानीच्या दिशेने बदलल्या, म्हणून विलीनीकरणच रद्द करून घेता येईल का? (एक वाचक, बेलापूर)

उत्तर : फार कठीण आहे. पदोन्नतीसाठी विचार होण्याचा हक्क ही सेवाशर्त आहे, पण पदोन्नती कधी मिळेल याची शक्यता ही सेवाशर्त नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने अनेकदा सांगितले आहे आणि १९७४ च्या मोहम्मद शुजात अली प्रकरणात घटनापीठाने ते पुन्हा स्पष्ट केले. बेलापूरमध्येच जिचे कार्यालय आहे त्या रिझर्व्ह बँकेने वेगवेगळ्या विभागांतील लिपिकांची एकत्रित ज्येष्ठता योजना आणली, तेव्हा पदोन्नतीत ज्यांची पाळी मागे गेली त्यांनी दाद मागितली. एन. सी. पालीवाल यांच्या त्या प्रकरणात १९७६ मध्ये ती योजना वैध ठरली. तमिळनाडूतील जिल्हा मंडळांच्या शाळांचे कर्मचारी शासनाच्या सेवेत आणले गेले तेव्हाच्या निकालात न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी मान्य केले की, एकत्रीकरणात अनेकांना ढोबळमानाने न्याय देताना काहींना ओरखडा बसणे पूर्णपणे टाळता येत नाही.

आपले नुकसान खरे आहे आणि मी ते हलके करीत नाही. म्हणून विलीनीकरण रद्द व्हावे या मागणीत वेळ न घालवता, एकत्रित पदसंख्येच्या प्रमाणात वरची पदे वाढवावीत आणि पदोन्नतीचे प्रमाण नव्याने ठरवावे, ही मागणी संघटनेमार्फत सामान्य प्रशासन विभाग व वित्त विभागाकडे लावून धरावी. तिथे फळ मिळण्याची शक्यता जास्त आहे.

प्रश्न : विलीनीकरण होऊन बरीच वर्षे झाली, पण वरच्या पदावर अजूनही ‘मूळ संवर्ग अ’ आणि ‘मूळ संवर्ग ब’ अशा दोन याद्यांतून पदोन्नत्या होतात. हे चालते का? (एक वाचक, ठाणे पश्चिम)

उत्तर : सामान्यतः चालत नाही. एकदा दोन ठिकाणांहून आलेले कर्मचारी एका संवर्गात मिसळले की ते एकच वर्ग होतात आणि पुढच्या पदोन्नतीसाठी त्यांच्यात केवळ उगमावरून भेद करता येत नाही, हे १९६७ च्या रोशनलाल टंडन प्रकरणापासून स्थिर झालेले तत्त्व आहे. महाराष्ट्रातले याचे सर्वात बोलके उदाहरण म्हणजे रामचंद्र शंकर देवधर यांचे प्रकरण. पूर्वीच्या हैदराबाद राज्यातून आलेल्या तहसीलदारांनी ते नेले होते. उपजिल्हाधिकारी हा संवर्ग सर्व राज्याचा, पण त्यावर पदोन्नती मात्र महसूल विभागवार निवडसूचीतून, अशी त्या वेळची पद्धत होती. त्यामुळे एका विभागातला कनिष्ठ तहसीलदार दुसऱ्या विभागातल्या ज्येष्ठाच्या आधी उपजिल्हाधिकारी होऊ शके. सर्वोच्च न्यायालयाने १९७३ मध्ये ही पद्धत समानतेच्या तत्त्वाविरुद्ध ठरवली.

शैक्षणिक अर्हतेसारख्या, पदाच्या कामाशी संबंध असलेल्या कारणावरून मात्र वेगळी वाट ठेवता येते. आपल्या याद्या पदवीधारक व पदविकाधारक अशा असतील तर उत्तर बदलू शकते. आपल्या पत्रात तसे लिहिलेले नाही.

प्रश्न : आमची ग्रामपंचायत महानगरपालिकेत समाविष्ट झाली आणि माझेही समावेशन झाले. ग्रामपंचायतीतील माझी पंधरा वर्षांची सेवा ज्येष्ठतेसाठी धरली जाईल का? सुरुवातीची चार वर्षे मी मानधनावर होतो. (एक वाचक, नवी मुंबई परिसर)

उत्तर : आपल्या परिसरातील महानगरपालिका नगरपरिषदा आणि ग्रामपंचायती यांच्यातूनच उभ्या राहिल्या आहेत. ठाणे महानगरपालिका १ ऑक्टोबर १९८२ रोजी, नवी मुंबई महानगरपालिका १ जानेवारी १९९२ रोजी आणि पनवेल महानगरपालिका १ ऑक्टोबर २०१६ रोजी अस्तित्वात आली. त्यामुळे हा प्रश्न आपल्या एकट्याचा नाही.

इथे कळीचे प्रकरण १९९० चे घटनापीठाचे आहे. ते महाराष्ट्रातील अभियंत्यांच्या संघटनेचे होते आणि थेट भरती झालेल्या द्वितीय श्रेणी अभियंत्यांचे प्रकरण म्हणून ते ओळखले जाते. त्यातील दोन सूत्रे आपल्याला लागतात. नियमानुसार नेमणूक झालेली असेल तर ज्येष्ठता नियुक्तीच्या दिनांकापासून मोजायची, कायम केल्याच्या दिनांकापासून नव्हे. परंतु नेमणूक तदर्थ असेल, नियमानुसार नसेल आणि निव्वळ तात्पुरती सोय म्हणून केलेली असेल, तर तो काळ ज्येष्ठतेसाठी मोजायचा नाही. दुसरे असे की, नेमणूक करताना कार्यपद्धती पूर्ण पाळली गेली नसेल, पण कर्मचारी नियमित होईपर्यंत त्या पदावर अखंड राहिला असेल, तर तो काळ मोजला जाईल. दोन्ही सूत्रांतली सीमारेषा बारीक आहे आणि बहुतेक वाद तिथेच होतात.

तेव्हा आपले पद मंजूर आकृतिबंधातले, म्हणजे मंजूर पदांच्या आराखड्यातले, होते का, नेमणुकीचा ठराव व आदेश आहे का, अर्हता पूर्ण होती का आणि वेतनश्रेणी लागू होती का, हे सर्व सेवापुस्तकातून दाखवावे लागेल. मानधनावरची चार वर्षे ज्येष्ठतेसाठी धरली जाण्याची शक्यता कमी आहे. उरलेल्या काळाचे भवितव्य आपल्या समावेशनाच्या आदेशातील अटींवर अवलंबून आहे; त्यात ‘ज्येष्ठता समावेशनाच्या दिनांकापासून’ असे लिहिलेले असेल आणि आपण ती अट मान्य करून सही केलेली असेल, तर प्रथम त्या अटीलाच आव्हान द्यावे लागेल.

प्रश्न : मी जिल्हा परिषदेत कर्मचारी असून २०१९ मध्ये विनंतीवरून पालघरहून ठाण्यास बदलून आलो. मला सूचीत सर्वांत शेवटी टाकले आहे. २०१४ पर्यंत दोन्ही एकच जिल्हा होता, तर माझी जुनी ज्येष्ठता का जावी? (एक वाचक, कल्याण)

उत्तर : १ ऑगस्ट २०१४ रोजी पालघर जिल्हा वेगळा झाला, त्या दिवसापासून दोन नियुक्ती प्राधिकारी आणि दोन ज्येष्ठतासूची झाल्या. जिल्हा विभाजनाच्या वेळी प्रशासनाने ज्यांचे वाटप केले त्यांची ज्येष्ठता सोबत गेली पाहिजे, कारण ते स्वतःच्या इच्छेने गेले नाहीत. आपण पाच वर्षांनंतर विनंती करून आलात. विनंतीवरून दुसऱ्या ज्येष्ठता घटकात जाणारा कर्मचारी तिथल्या सूचीत तळाशी जातो, आणि बहुधा तसे हमीपत्रही आपण दिलेले असेल. मात्र आपली जुनी सेवा निवृत्तिवेतन, रजा व वेतननिश्चितीसाठी शाबूत राहते. पदोन्नतीसाठी ठरावीक वर्षांच्या सेवेची अट असते, त्या पात्रतेसाठीही ती मोजली जावी, असे सर्वोच्च न्यायालयाने सी. एन. पोन्नप्पन प्रकरणात म्हटले आहे. आपल्या कार्यालयाने पात्रतेसाठीही २०१९ पासूनच मोजणी केली असेल, तर तेवढ्यापुरती हरकत अवश्य घ्यावी.

प्रश्न : तात्पुरत्या सूचीवर हरकत कशी आणि किती दिवसांत घ्यावी? दोन वर्षांपूर्वी घेतलेल्या हरकतीचे उत्तर नाही, म्हणून दर सहा महिन्यांनी स्मरणपत्र देत आहोत. (एक वाचक, मुरबाड)

उत्तर : या पत्राने मला सर्वांत अधिक काळजी वाटली. स्मरणपत्रांनी मुदत वाढत नाही. प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, १९८५ च्या कलम २१ नुसार अंतिम आदेशाच्या दिनांकापासून एक वर्षाच्या आत अर्ज दाखल करावा लागतो. निवेदन देऊन सहा महिने उलटूनही निर्णय झाला नाही, तर ते सहा महिने संपल्यापासून पुढे एक वर्ष मिळते. म्हणजे आपल्या दोन वर्षांपूर्वीच्या हरकतीची मुदत दीड वर्षातच संपली आहे. आज-उद्या वकिलांची भेट घ्यावी आणि मुदत उलटली असल्यामुळे विलंबमाफीचा अर्ज सोबत द्यावा. देवधर प्रकरणात न्यायालयाने उशिराचा आक्षेप मान्य केला नव्हता हे खरे, पण त्यातली परिस्थिती वेगळी होती. मकाशी प्रकरणात १९६८ च्या निर्णयाला आठ वर्षांनी आव्हान दिले गेले, तो उशीर नडला. ज्येष्ठतेच्या वादात उशीर विशेष नडतो, कारण मधल्या काळात त्या सूचीवरून इतरांच्या पदोन्नत्या होतात आणि त्या उलटवायला न्यायालय तयार नसते.

हरकतीची मुदत सूचीसोबतच्या परिपत्रकात दिलेली असते; तीच पाळावी. हरकत एका पानाची असावी. सूचीतील आपला अनुक्रमांक, आपल्या मते योग्य अनुक्रमांक, ज्यांच्या वर आपण असायला हवे त्यांचे अनुक्रमांक व नियुक्तीचे दिनांक, आणि त्यामागचा नियम, एवढे पुरे. सहकाऱ्यांविषयी कठोर शब्द लिहू नयेत, कारण चूक सूची करणाऱ्याची असते, सूचीत वर असणाऱ्याची नव्हे. नियुक्ती आदेश, रुजू अहवाल आणि सेवापुस्तकाचे संबंधित पान जोडावे आणि आवक शिक्क्याची प्रत जपून ठेवावी. हरकत प्रत्येकाने स्वतःच्या नावाने द्यावी. संघटनेचे सामाईक निवेदन वेगळे असू द्यावे.

आपण राज्य शासनाचे कर्मचारी असाल तर दाद महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या मुंबई खंडपीठाकडे मागावी, आणि त्या निर्णयाविरुद्ध उच्च न्यायालयात जाता येते. अर्जात, निकालाने ज्यांची ज्येष्ठता खाली जाईल अशा कर्मचाऱ्यांना प्रतिवादी करावे. ते न केल्यामुळे चांगली प्रकरणे फेटाळली जातात. महानगरपालिका आणि जिल्हा परिषद यांच्या कर्मचाऱ्यांना मात्र हे न्यायाधिकरण उपलब्ध नाही. त्यांनी आयुक्त किंवा मुख्य कार्यकारी अधिकारी यांच्याकडे निवेदन देऊन, उत्तर न मिळाल्यास वेळ न दवडता मुंबई उच्च न्यायालयात रिट याचिका दाखल करावी.